अर्पणपत्रिकेतली ती

(पाळैयंकोट्टै. सकाळचे आठ. ओसरीवरच्या झोपाळ्यावर ऐया, म्हणजे कॉलेजातून निवृत्त झालेले तमिळचे प्राध्यापक. खाली चटईवर त्यांची बायको, अम्मा. मांडीवर प्रुफांचा गठ्ठा. पायरीवर कयलविळी, ऐयांची जुनी विद्यार्थिनी, आता त्याच कॉलेजात शिकवणारी.)

अम्मा : पहिलं पान झालं. आता दुसरं.

ऐया : झालं कसं? मला काही ऐकू आलं नाही.

अम्मा : डोळ्यांनी बघितलं. बरोबर आहे.

ऐया : डोळ्यांनीच बघायचं असतं तर तुला कशाला बसवलं असतं? प्रूफ मोठ्याने वाचायचं, एकेक अक्षर. आपल्या घरचा नियम आहे.

अम्मा : आपल्या घरचे नियम मला नका सांगू. त्यातले निम्मे मीच केलेत. मशीन कानात घातलंय का?

ऐया : घातलंय.

अम्मा : आणि चालू?

ऐया : चालू आहे म्हणून तर कळलं, की तू काही वाचलंच नाहीस.

कयल : अम्मा, पहिल्या पानावर आहेच काय? पुस्तकाचं नाव आणि ऐयांचं नाव.

अम्मा : तेच म्हणते मी. झालं ते पान.

ऐया : कयल, तू नवीन आहेस या खेळात. माझं पहिलं पुस्तक पाहिलंयस?

कयल : कॉलेजच्या लायब्ररीत आहे. पहिल्या पानावर कागदाची पट्टी चिकटवलेली.

ऐया : त्या पट्टीखाली काय आहे, कधी उकरून पाहिलंस?

कयल : नाही बाई. टाचणीने कुणीतरी प्रयत्न केलेला दिसतो.

ऐया : खाली लिहिलंय, 'भाषांतर : वैद्य पिच्चैमुत्तु.'

कयल : हे कोण?

ऐया : मूळव्याधीचे वैद्य. जंक्शनजवळ दवाखाना होता. त्यांनी भाषांतर केलेलं 'घरच्या घरी उपाय' म्हणून पुस्तक त्याच छापखान्यात चाललं होतं. तेव्हा शिशाचे खिळे जुळवून छापायचे. कामगाराने पुस्तकाचं नाव बदललं, खालची ओळ तशीच राहिली. आणि इथे या बाईसाहेब प्रूफ वाचायला. पुस्तकाचं नाव खणखणीत वाचलं, खालच्या ओळीवर आल्या आणि म्हणाल्या, 'हं, पुढे.' मी म्हटलं, पुढे.

कयल : आणि तसंच छापलं?

ऐया : तीनशे प्रती. प्राचार्यांनी समारंभात भर सभेत वाचलं, 'दोन हजार वर्षांपूर्वीच्या प्रेमकविता, भाषांतर, वैद्य पिच्चैमुत्तु.' वैद्य शेवटच्या रांगेत होते. उठून नमस्कार केला त्यांनी.

अम्मा : कलकत्त्याच्या पत्राचं सांगा ना. ते मात्र गाळता नेहमी.

ऐया : गाळत नाही. कलकत्त्याहून एका विद्वानाचं वैद्यांना पत्र आलं, 'आपण विरहाची वेदना फार नेमकी पकडली आहे.' वैद्यांनी उलट टपाली कळवलं, 'वीस वर्षं हेच दुखणं हाताळतो आहे.'

कयल : अम्मा, तुम्ही मुद्दाम केलंत का हो हे?

अम्मा : मुद्दाम कशाला? मला काय ठाऊक, त्या ओळीत दुसऱ्याच कुणाचं नाव आहे? ती ओळ आली की मी डोळे उचलते. नवऱ्याचं नाव कोण घेतं?

कयल : छापलेलंसुद्धा नाही?

अम्मा : छापलं काय नि बोललं काय, तोंडातूनच जाणार ना ते.

ऐया : तुला वाटतं एवढ्यावर भागतं? मदुरैच्या देवाचं आणि माझं नाव एक. म्हणून ही त्या देवाला काय म्हणते विचार.

कयल : काय म्हणता, अम्मा?

अम्मा : मीनाक्षीचे यजमान.

कयल : आणि रेशन कार्डाच्या ऑफिसात? बँकेत?

अम्मा : बँकेत शेजारची घेऊन जाते. ती नाव सांगते, मी सही करते. पंचावन्न वर्षं चाललंय नीट. तुझा नवरा काय म्हणतो तुला?

कयल : कयल म्हणतो. मी त्याला सेंदिल म्हणते.

अम्मा : दिवसातनं किती वेळा?

कयल : मोजलं नाही कधी. भांडण असेल तर जास्त.

अम्मा : बघा. नाव भांडायला लागतं. आम्हाला कधी लागलं नाही.

ऐया : भांडणाला नाही लागलं, एवढंच खरं आहे. कयल, तू ते पहिलं पान शेवटी वाच आणि गठ्ठा ने. छापखान्याचा माणूस किती वाजता येणार?

कयल : दहाला. पण ऐया, त्याआधी माझं एक काम आहे. गौरवग्रंथासाठी तुम्ही दोन पानांचं आयुष्य लिहून देणार होतात. शुक्रवारी समारंभातच तो वाटायचाय.

ऐया : लिहिलंय. झोपाळ्याच्या गादीखाली आहे. घे.

अम्मा : मोठ्याने वाच. आपल्या घरचा नियम आहे.

कयल : 'जन्म ताम्रपर्णीकाठी. वडील कारकून. प्राथमिक शिक्षण गावच्या शाळेत. नववीत असताना शिक्षकांनी जुन्या कवितांची एक फाटकी पोथी दिली, तिला मुखपृष्ठ नव्हतं. पुढली साठ वर्षं त्या पोथीत गेली. पदवी, पदव्युत्तर, सुवर्णपदक. बत्तीस वर्षं अध्यापन. दरम्यान विवाह झाला. जुन्या कवितांची इंग्रजी भाषांतरं, पुस्तकं तीन, चौथं छपाईत...'

अम्मा : थांब. मागची ओळ परत वाच.

कयल : 'दरम्यान विवाह झाला.'

अम्मा : बरं. कुणाशी, ते पुढच्या पानावर आहे का?

कयल : पुढच्या पानावर पुरस्कार आहेत.

ऐया : अगं, दोनच पानं मागितली होती त्यांनी.

अम्मा : पोथीच्या मुखपृष्ठाला जागा झाली. नव्हतं तरी झाली.

कयल : ऐया, अम्मांचं बरोबर आहे. निदान तुम्ही काम कसं करायचात, त्याच्यात तरी अम्मा यायला हव्यात. आम्हा विद्यार्थ्यांना सगळ्यांना ठाऊक आहे, पहाटे पाचला या ओसरीवरून आवाज यायचा. रस्त्यावरचा दूधवालासुद्धा कविता म्हणायचा.

ऐया : दूधवाला चुकीच्या म्हणायचा. ऐक तर, लिहून घे. ही मूळ कविता वाचायची. आवाज चांगला, त्यात शंका नाही. मग मी इंग्रजी करायचो. हिचं इंग्रजी आठवीपर्यंतचं. मग ही विचारायची, 'आता तुमच्या इंग्रजीत ती मुलगी काय म्हणाली, ते मला आपल्या साध्या बोलण्यात सांगा.' मी माझंच इंग्रजी परत तमिळमध्ये करून सांगायचो. आणि ही...

अम्मा : मी म्हणायची, असं कुणी बोलत नाही.

ऐया : दहातल्या आठ वेळा. एकदा एका मुलीला राखण करायला शेतावर बसवलंय, पोपट दाणे खातायत, आणि तिचा माणूस अजून आला नाही. मी पोपटांना 'पाचूचे चोरटे' केलं होतं. तीन रात्री खपून.

अम्मा : पोपटाला पोपट म्हणायला काय झालं? त्या पोरीचं चित्त कुठे आहे? वाटेकडे. तिला पाचू सुचतायत होय? ती हाकलणार आणि परत वाटेकडे बघणार.

ऐया : फाडला तो कागद. आणि लंडनच्या एका परीक्षकाने नेमकी तीच कविता उचलून लिहिलं, 'या भाषांतरकाराचा साधेपणा असामान्य आहे.'

अम्मा : साधेपणा यांचा. आत्ता कळलं मला.

कयल : मी हे सगळं घालणार आहे, ऐया. तुम्ही नाही म्हटलंत तरी. आणि आणखी एक विचारायचं होतं. रागावणार नसाल तर.

ऐया : विचार.

कयल : सगळेच विचारतात. आमच्या वर्गात तर यावर पैजा लागायच्या. तुमच्या तिन्ही पुस्तकांची अर्पणपत्रिका एकच आहे. हे बघा, या चौथ्यालाही तीच. कोऱ्या पानावर एकच शब्द. 'तिला.' तर... ती कोण?

अम्मा : विचारलंस ते फार बरं केलंस. मी गठ्ठा खाली ठेवते. मलाही ऐकायचंय.

ऐया : हा काय चावटपणा?

अम्मा : चावटपणा नाही. शुक्रवारी तुम्ही ऐंशीचे होणार. साठीला लावलं तसं आपलं तिसऱ्यांदा लग्न लावणार आहेत. मी पाटावर बसायचं, तुम्ही पुन्हा गळ्यात ताली बांधायची, नातेवाइकांनी अक्षता टाकायच्या, वर नारळाच्या दुधातला सोदी-भात जेवायचा. मी ठरवलंय, ती कोण हे कळल्याशिवाय मी पाटावर बसणार नाही.

कयल : अम्मा, तुम्ही गंमत करताय ना?

अम्मा : मी गंमत करताना हसते. आत्ता हसतेय का?

ऐया : अगं, साडेतीनशे माणसांना बोलावलंय.

अम्मा : येऊ देत की. सोदी जेवतील आणि जातील. नवरी नसली म्हणून सोदी बिघडत नाही. साठीच्या वेळीच विचारणार होते मी. पण तेव्हा ती पहिल्या रांगेत येऊन बसली होती. मोरपंखी साडी नेसून. मग मी गिळलं.

ऐया : कोण बसली होती?

अम्मा : मी कशाला नाव घेऊ? तुम्ही घेत नाही, तर मी कशाला घेऊ?

कयल : साठीचे फोटो मी पाहिलेत, ऐया. मोरपंखी साडी म्हणजे नेसमणी टीचर. लायब्ररीच्या.

ऐया : नेसमणी?

अम्मा : बघ कसं पटकन येतं तोंडात. मला पंचावन्न वर्षं 'अगं'.

ऐया : तुझ्या मनात नेसमणी होती? एवढी वर्षं?

अम्मा : मग दुसरं कोण? कॉलेज सुटल्यावर दोन-दोन तास लायब्ररीत कोण बसायचं? जुन्या पोथ्या मद्रासहून मागवून कोण द्यायचं? दर नाताळात केक घेऊन आमच्या दारात कोण यायचं? आणि पुस्तक आलं तर आत काय? 'तिला.' माझ्या बहिणीने पहिल्यांदा उघडलं ते पान. म्हणाली, 'अक्का, तुला म्हणायचं असतं तर तुझं नाव घातलं असतं. नाव झाकलंय म्हणजे झाकण्यासारखं आहे.'

ऐया : तुझ्या बहिणीने कधी एक कविता वाचली आहे का आयुष्यात?

अम्मा : कविता नाही वाचली. नवरा वाचलाय. दोन वाचलेत, पहिला गेल्यावर.

कयल : पण अम्मा, नेसमणी टीचर तर इथे नेहमी येतात. मागच्या महिन्यात मीच आणलं होतं त्यांना. तुम्ही कॉफी दिलीत.

अम्मा : कशी होती?

कयल : कॉफी? माझी छान होती. ताडगुळाची, घट्ट.

अम्मा : तुझी घट्ट. तिची तू प्यायली नाहीस. सदतीस वर्षं त्या बाईला मी दुसऱ्या पाण्याची कॉफी पाजतेय. फिल्टरमध्ये उरलेल्या भुकटीवर परत पाणी ओतायचं, ती. आणि ती दर वेळी म्हणते, 'अम्मा, तुमच्या हातची कॉफी म्हणजे पोटाला कशी हलकी.'

ऐया : अरे देवा. मला म्हणायची, तुमच्या घरी कॉफी तब्येतीला जपून करतात.

अम्मा : हसू नका. मला हसू येत नाहीये. रोज पहाटे पाचला उठून मी त्या कविता वाचल्या. माझ्या घशातून. चारशेच्या चारशे. आणि प्रत्येक वेळी मनात एकच, की मी वाचतेय आणि हे दुसऱ्याच कुणाला ऐकवतायत.

ऐया : अगं...

अम्मा : अगं नको. सांगा.

ऐया : कयल, तू बी.ए.ला असताना मी तुम्हाला पहिल्या तासाला काय शिकवलं होतं? जुन्या कवितांचे दोन प्रकार.

कयल : आतल्या कविता आणि बाहेरच्या कविता. आतल्या म्हणजे प्रेमाच्या, घरातल्या. बाहेरच्या म्हणजे राजे, लढाया, दानधर्म.

ऐया : आणि आतल्या कवितेचा पहिला नियम?

कयल : नाव घ्यायचं नाही. तो आणि ती. तिची मैत्रीण, तिची आई. नाव कुणालाच नाही. नाव आलं की ती कविता आतली राहत नाही, बाहेरच्यांत जाऊन बसते. दहा मार्कांचा प्रश्न असायचा, दर वर्षी. ...ऐया.

ऐया : हं.

कयल : ऐया, तुम्ही अर्पणपत्रिकेला तो नियम लावलात?

ऐया : मग काय करायला हवं होतं? राजाला अर्पण करायचं असतं तर नाव घातलं असतं. विद्यापीठाला केलं असतं तर घातलं असतं. हे आतलं होतं. नाव घातलं असतं तर ते बाहेरचं झालं असतं. मला वाटलं, याहून मोठा मान आपल्या भाषेत नाही.

अम्मा : कुणाचा मान?

ऐया : अजून विचारतेस? तुझा. दुसरी कोण आहे? या ओसरीवर पहाटे पाचला दुसरी कोण बसली होती?

कयल : अम्मा, पाणी देऊ?

अम्मा : नको. थांब जरा. मला नीट लावू दे. म्हणजे त्या तिन्ही पुस्तकांत मी होते?

ऐया : तूच होतीस. पहिल्या पानापासून.

अम्मा : आणि तुम्ही मला सांगितलं नाहीत.

ऐया : सांगायचं काय त्यात? तुला नियम ठाऊक होता. चारशे कविता तोंडपाठ आहेत तुला. एकीत तरी नाव आलंय का?

अम्मा : कवितेत नियम असतो. घरात कोण लावतं नियम?

ऐया : तू लावतेस. पंचावन्न वर्षं माझं नाव घेतलं नाहीस. त्यापायी मी वैद्य पिच्चैमुत्तु झालो. मी तक्रार केली का? मी म्हटलं, ही बाहेर माझं नाव घेत नाही, मीही घेत नाही. आपलं जमलंय.

अम्मा : जमलंय म्हणे. पुस्तक आलं त्या दिवशी काय झालं, आठवतंय तुम्हाला?

ऐया : आठवतंय तर. पहिली प्रत आणली. तेच पान उघडून स्वयंपाकघरात मिठाच्या बरणीपाशी ठेवली. म्हटलं, तोंडाने बोललं तर ते उथळ होईल, तिचं तिलाच दिसू दे. मग मी अंघोळीला गेलो. येऊन बघतो तर तू माहेरी. तेन्काशीला.

अम्मा : बारा दिवस राहिले मी तिथे.

ऐया : मला वाटलं, आनंदाने गेलीस. आईला पुस्तक दाखवायला.

अम्मा : पुस्तक घेऊन गेले होते का मी? पुस्तक मिठाच्या बरणीपाशीच होतं.

ऐया : मला वाटलं, घाईत विसरलीस.

कयल : ऐया, इतक्या कवितांमधली रुसलेली बायको तुम्ही बरोब्बर ओळखलीत. तळटिपा लिहिल्यात तिच्यावर.

ऐया : पोथीतली ओळखता येते. ती दोन हजार वर्षं जागची हलत नाही. ही तेन्काशीच्या बसमध्ये बसली होती.

अम्मा : बारा दिवस मी आईच्या घरी उशीत तोंड घालून रडले. आईला सांगितलं, दाढ दुखतेय. तिने लवंगा दिल्या. आणि तुम्ही इकडे हॉटेलात इडल्या खात आनंदात.

ऐया : आनंदात नव्हतो. मी वाट बघत होतो, की तू येशील आणि काहीतरी म्हणशील. एक शब्द. तू आलीस, पदर खोचलास आणि विचारलंस, दूधवाल्याला पैसे दिले का. मला वाटलं, हिला आवडलं नाही. एवढं मोठं पुस्तक, आणि हिला फक्त दूधवाला. मीही मग गप्प राहिलो. वाईट वाटलं होतं मला. खूप वाटलं होतं.

अम्मा : तरी दुसऱ्या पुस्तकात परत तेच घातलंत.

ऐया : म्हटलं, यावेळी बोलेल. तिसऱ्यातही तेच म्हटलं.

अम्मा : आणि मी दर वेळी म्हटलं, बघा, अजून तीच आहे मनात.

कयल : मला एक कळत नाही, अम्मा. एवढा राग होता, तर पहाटे उठून वाचणं का नाही थांबवलंत?

अम्मा : त्या पोरींनी माझं काय वाईट केलं होतं? पहाटे वाचायला बसले की त्या एकेक येऊन सांगायच्या, माझाही आला नाही, माझाही दुसरीकडे गेला. बरं वाटायचं. वाटायचं, मी एकटी नाही. यांच्यावर राग होता तो मी दुपारी काढायची, सांबारात.

ऐया : तरीच. मी समजत होतो, तुझा हात मिठाला सढळ आहे.

अम्मा : तुम्ही काय काय समजत होता त्याचं एक पुस्तक निघेल. पाचवं.

ऐया : कयल, पेन आहे?

कयल : आहे.

ऐया : अर्पणपत्रिकेचं पान काढ. 'तिला' खोड. नियम गेला खड्ड्यात. सदतीस वर्षं एक बाई रडत होती आणि मी नियम पाळत होतो. लिही तिथे, ठळक अक्षरांत. कांतिमतीला.

कयल : ...लिहू?

ऐया : लिही म्हणतोय ना. कांतिमतीला.

अम्मा : एवढं लांब आहे होय माझं नाव. विसरलेच होते मी.

ऐया : विसरलीस कशी? गावच्या देवीचंही तेच नाव, रोज संध्याकाळी तिच्या गाभाऱ्यासमोर उभा राहून मी मोठ्याने म्हणतो ना.

अम्मा : ते देवीला म्हणता.

ऐया : देवीचं नाव घ्यायची सोय होती, म्हणून तर या गावातून बदली घेतली नाही कधी. मदुरैच्या कॉलेजाने दोनदा बोलावलं होतं मला.

अम्मा : हे तरी खरं आहे का?

ऐया : निम्मं खरं आहे. मदुरैला पगारही तेवढाच होता.

कयल : अम्मा, तुम्ही रडताय?

अम्मा : नाही. तेन्काशीला दाढ दुखत होती, ती आत्ता दुखतेय. कयल, पेनाचं टोपण लाव.

कयल : का?

अम्मा : खोडू नकोस. 'तिला'च राहू दे.

ऐया : आता काय झालं?

अम्मा : नाव घातलंत तर नेसमणी टीचर वाचतील. हुशार बाई आहे. दोन मिनिटांत हिशेब लावेल, की कॉफी इतकी वर्षं हलकी का होती.

ऐया : खरं कारण सांग.

अम्मा : खरंच सांगतेय. म्हणजे, तेही आहेच. पण बघा ना, आत चारशे पोरी आहेत. एकीलाही नाव नाही. कुणी रात्रभर दारात उभी, कुणी नदीवर, कुणी शेतात पोपट हाकलतेय. दोन हजार वर्षं बिननावाच्या बसल्यात बिचाऱ्या. त्यांच्यापुढे मी एकटीच नाव लावून, खुर्ची टाकून बसू? मला नाही शोभणार. मला आता कळलंय ना, तेवढं पुरे.

ऐया : आणि शुक्रवारी?

अम्मा : शुक्रवारी काय?

ऐया : पाटावर बसणार का?

अम्मा : बघू. आचाऱ्याने सोदीत आल्याचा रस बेताने घातला तर बसेन. मागच्या वेळी घसा जळला होता सगळ्यांचा. आणि नेसमणी टीचरना पहिल्या रांगेत बसवा. अगदी माझ्यासमोर. त्यांची कॉफी मी स्वतः करणार आहे, पहिल्या पाण्याची.

ऐया : एकदम घट्ट देऊ नकोस. सदतीस वर्षांची सवय आहे, बाई आजारी पडेल.

कयल : आणि ऐया, 'दरम्यान विवाह झाला', या ओळीचं काय करू?

अम्मा : ती राहू दे तशीच. तीही खरीच आहे. दरम्यानच झाला.

ऐया : नाही. तिथे मात्र नाव घाल. गौरवग्रंथ बाहेरचा आहे. प्राचार्य, मंत्री, भाषणं. बाहेरच्यात नाव चालतं. लिही, 'कांतिमतीशी विवाह झाला, आणि तिने साठ वेळा पोपट...'

अम्मा : पोपट नको.

ऐया : पोपट हवेत. माझं आयुष्य आहे.

कयल : पावणेदहा झाले. मी निघते, ऐया. दोन्हीकडचं मी नीट लिहून आणते. गठ्ठा द्या, अम्मा. ते पहिलं पान तेवढं राहिलंय, मी बसल्या बसल्या वाचते.

अम्मा : थांब. दे इकडे ते पान.

कयल : मी वाचते ना.

अम्मा : तू घाईत आहेस. घाईत माणूस चुकतं. पुन्हा कुणी वैद्य निघायला नको. चष्मा कुठे गेला माझा?

ऐया : डोक्यावर आहे.

अम्मा : हं. 'निवडक चारशे प्रेमकविता. मूळ संहिता आणि इंग्रजी भाषांतर. पहिली आवृत्ती.' ...आणि खाली. 'भाषांतर...' कयल, तू जरा तिकडे तोंड कर.

कयल : केलं.

अम्मा : 'भाषांतर : शोक्कलिंगम.'

कयल : बरोबर आहे, अम्मा. काहीच चूक नाही.

ऐया : तू गप्प बस, कयल. मला नीट ऐकू आलं नाही.

अम्मा : मशीन कानात आहे तुमच्या. चालूही आहे.

ऐया : आहे. तरी पुन्हा एकदा वाच.